पर्यावरणावरचे माहितीपट आणि राष्ट्रीय पुरस्कार: आता विभाग कोणता, तयारी काय?

सड्यावरचा
कोकणातल्या कातळसड्यांवरचा (जांभ्या दगडाच्या उघड्या पठारांवरचा) ४२ मिनिटांचा माहितीपट संकलनाच्या शेवटच्या टप्प्यात आहे. मराठी निवेदन, सेकंदाला २५ फ्रेम्सवर चित्रण, ध्वनी सध्या स्टिरिओ. पावसाळी फुलं, बेडूक, एका प्रसंगात नाग, थोडी कातळशिल्पं, थोडं ड्रोन. सेन्सॉर व्हायचं आहे.

राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांच्या जुन्या याद्यांत नॉन-फीचरमध्ये (माहितीपट-लघुपटांच्या विभागात) ‘सर्वोत्कृष्ट पर्यावरणविषयक चित्रपट, शेतीसह’ असा वेगळा पुरस्कार दिसतो. अलीकडच्या याद्यांत तो नाही. बंद झाला की नाव बदललं? आणि प्रवेशिका भरायची तर आत्तापासून काय सांभाळायचं? जाणकारांनी सविस्तर लिहावं. ‘शुभेच्छा’ मिळाल्या असं समजतो. :)

कमळपत्र
बंद नाही, विलीन झाला. पर्यावरणासाठी वेगळा पुरस्कार १९८९ च्या चित्रपटांपासून, म्हणजे ३७ व्या पुरस्कारांपासून सुरू झाला. पुढे शेतीही त्यातच आली. ६९ व्या पुरस्कारांपर्यंत (२०२१ चे चित्रपट) तो त्या रूपात होता. ७० व्यापासून नियमावली बदलली आणि नॉन-फीचरमध्ये ‘सामाजिक आणि पर्यावरणीय मूल्यांना चालना देणारा सर्वोत्कृष्ट चित्रपट’ असा एकच विभाग उरला.

रकमेत मात्र वाढ झाली. पूर्वी रजत कमळाबरोबर निर्माता आणि दिग्दर्शक यांना प्रत्येकी ५० हजार मिळायचे, आता २ लाख. सर्वोत्कृष्ट नॉन-फीचरला सुवर्ण कमळ आणि ३ लाख.

जुन्या विभागातली शेवटची काही नावं चाळली की ज्युरीचा कल किती वेगवेगळा होता ते कळतं. ६२ वे: ‘आय कॅनॉट गिव्ह यू माय फॉरेस्ट’, ओडिशातल्या कोंध आदिवासींचं जंगल आणि त्यातलं अन्न. ६४ वे: कृष्णेंदु बोस यांचा ‘द टायगर हू क्रॉस्ड द लाइन’. ६५ वे: सेसिनो योशू यांचा ‘द पांगती स्टोरी’, नागालँडच्या वोखा जिल्ह्यातल्या पांगती गावाने अमूर ससाण्यांची शिकार कशी थांबवली ते. ६६ वे: एस. नल्लामुथू यांचा रणथंबोरच्या मछली वाघिणीवरचा ‘द वर्ल्ड्स मोस्ट फेमस टायगर’. ६७ वे: अजय आणि विजय बेदी यांचा ‘द स्टॉर्क सेव्हियर्स’. ६८ वे: आसामी ‘मानह आरु मानुह’. ६९ वे: मल्याळम ‘मून्नाम वळवु’.

या यादीत निव्वळ प्राणिदर्शन कमी आहे. बहुतेक ठिकाणी माणूस मध्ये आहे: शिकार सोडणारा, जंगल न देणारा, पक्ष्याची घरटी राखणारा. मछली हा ठळक अपवाद, पण तिथेही एक वाघीण ‘व्यक्ती’ म्हणून उभी राहते.

टिटवी
पण आपल्या ‘पाणी’ला मिळाला तोही हाच ना? आदिनाथ कोठारेंचा?

कमळपत्र
नाही, हा घोळ नेहमी होतो. ‘पाणी’ कथाचित्रपट आहे. त्याला ६६ व्या पुरस्कारांत मिळाला तो फीचर विभागातला ‘पर्यावरण संवर्धनावरील सर्वोत्कृष्ट चित्रपट’. माहितीपटाचा पुरस्कार वेगळा. दोन्हींची सुरुवात १९८९ च्याच चित्रपटांपासून, म्हणून गल्लत होते. फीचरमधलाही आता राहिलेला नाही. राष्ट्रीय एकात्मतेचा नर्गिस दत्त पुरस्कार, सामाजिक प्रश्नांवरचा आणि पर्यावरणाचा अशा तिन्हींची मोट बांधून ‘राष्ट्रीय, सामाजिक आणि पर्यावरणीय मूल्ये’ असा एकच केला.

पाणलोट
आणि या मोटेतून काय सांडलं ते बघा. फीचरमध्ये ७० व्या वेळी गुजराती ‘कच्छ एक्स्प्रेस’, ७१ व्या वेळी ‘सॅम बहादूर’. चित्रपट चांगले असतील, पण पर्यावरणाचा दोन्हींत संबंध किती? नॉन-फीचरमध्ये ७० व्या वेळी आकांक्षा सूद सिंह यांचा सुसरींवरचा ‘ऑन द ब्रिंक सीझन २ – घडियाल’ आला, म्हणजे पर्यावरणाला न्याय मिळाला. ७१ व्या वेळी ‘द सायलेंट एपिडेमिक’. एकाच ताटात दोन पाहुणे बसवले की एक अर्धपोटी उठणारच. स्वतंत्र विभाग असताना साधारण दरवर्षी एक तरी पर्यावरणपट राष्ट्रीय पातळीवर गौरवला जायचा, ती जागा गेली. माझ्या मते हा सरळ तोटा आहे.

रानभूल
अर्धं पटलं. दुसरी बाजू अशी की वेगळा विभाग हा कोपराही होता. ‘तुमच्यासाठी ते वेगळं आहे ना’ म्हणून मुख्य पुरस्कारांत निसर्गपटांकडे बघितलंच जायचं नाही. आता बघा: ७१ व्या वेळी सर्वोत्कृष्ट माहितीपट ‘गॉड व्हल्चर अँड ह्यूमन’, दिग्दर्शक ऋषिराज अगरवाल. नावातच गिधाड! त्याच वर्षी सर्वोत्कृष्ट निवेदनाचा पुरस्कार फणसाच्या झाडावरच्या ‘द सेक्रेड जॅक’ला. त्याआधी ७० व्या वेळी सर्वोत्कृष्ट माहितीपट सोहिल वैद्य यांचा ‘मर्मर्स ऑफ द जंगल’, तोही मराठी, आणि निवेदनाचा पुरस्कारही त्याच चित्रपटाला, सुमंत शिंदे यांना.

म्हणजे दोन्ही वर्षी जंगल-झाडं-पक्षी मुख्य माहितीपट विभागात आणि निवेदनात पोचले. सड्यावरचा यांनी ‘मूल्यांना चालना’ या शब्दांकडे बघून शेवटी उपदेशाची तीन मिनिटं जोडू नयेत, एवढंच म्हणणं. ‘चला, निसर्ग वाचवू या’ असं निवेदकाने म्हटलं की चाळीस मिनिटांची मेहनत पाण्यात.

पाणलोट
दोन वर्षांवरून निष्कर्ष काढताय. पण उपदेशाबद्दल शंभर टक्के सहमत.

दप्तरखाना
विभागाची चर्चा रंगेलच, पण प्रवेशिका बाद होतात त्या कागदांवर. त्यात पहिला कागद सेन्सॉर प्रमाणपत्र आणि त्यावरची तारीख. पुरस्काराचं वर्ष चित्रपट कधी पूर्ण झाला, कधी दाखवला यावर ठरत नाही. प्रमाणपत्र १ जानेवारी ते ३१ डिसेंबर या काळात ज्या वर्षीचं, ते वर्ष. उदाहरणार्थ, ७१ वे पुरस्कार १ ऑगस्ट २०२५ ला जाहीर झाले, पण ते २०२३ मध्ये प्रमाणित झालेल्या चित्रपटांचे. डिसेंबरअखेर अर्ज केला आणि प्रमाणपत्रावर ३ जानेवारी पडली, तर तुम्ही एका वर्षाने मागे गेलात. नोव्हेंबर-डिसेंबरमध्ये सगळ्यांनाच प्रमाणपत्र हवं असतं. सप्टेंबरमध्ये अर्ज घाला.

अर्ज ई-सिनेप्रमाण या पोर्टलवर. सेन्सॉर मंडळाची ९ प्रादेशिक कार्यालयं आहेत, तुमचं मुंबई. ७२ मिनिटांपर्यंतचा तो लघुपट, त्याहून मोठा तो दीर्घ, तुमचा लघुपटातच. २०२४ च्या नव्या नियमांनी यूए ची (मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली पाहायच्या श्रेणीची) यूए ७+, १३+, १६+ अशी फोड झाली. २०२३ च्या दुरुस्तीनंतर प्रमाणपत्राची दहा वर्षांची मुदतही गेली, आता ते कायम.

यात माणसं फसतात ती अशी: प्रमाणपत्र मिळाल्यावर ‘थोडं घट्ट करू’ म्हणून दोन शॉट काढतात, किंवा सबटायटल नंतर घालतात. प्रमाणपत्र त्या विशिष्ट प्रतीला असतं. नंतरचा प्रत्येक बदल मंडळाला कळवून नोंदवून घ्यावा लागतो. म्हणून इंग्रजी सबटायटल, श्रेयनामावली, नकाशे, सगळं झालेली अंतिम प्रतच सादर करा. कालावधी सेकंदापर्यंत जुळला पाहिजे. अर्जावर ४२:००, प्रमाणपत्रावर ४२:००, आणि ज्युरीकडे गेलेली प्रत ४३:४५ असं झालं तर प्रश्न विचारणारच.

ध्वनिवेडा
वरचा ४३:४५ हा आकडा दप्तरखान्यांनी सहज टाकलेला नाही बरं का! तुम्ही २५ फ्रेम्सवर चित्रण केलंय. ४२ मिनिटं म्हणजे ६३,००० फ्रेम्स. डीसीपी (चित्रपटगृहात चालवायची डिजिटल प्रत) बनवताना लॅबने तेच २४ ला लावलं की बरोबर ४३ मिनिटं ४५ सेकंद होतात. चित्र ४ टक्के संथ, आणि आवाज ताणला तर सगळे स्वर पाश्चात्त्य मोजणीत सुमारे ०.७ सेमिटोन (अर्धस्वर) खाली. माणसाच्या बोलण्यात चटकन कळत नाही. बेडकाच्या हाकेत जाणकाराला कळतं.

२५ फ्रेम्सचा डीसीपी एसएमपीटीई या नव्या तांत्रिक प्रमाणात चालतो, पण प्रत्येक प्रेक्षागृहाचा सर्व्हर तो घेईल याची खात्री कोण देणार? माझा सल्ला: सेन्सॉरच्या आधीच २४ ची मास्टर प्रत बनवा, आवाजाची उंची सॉफ्टवेअरने पूर्ववत करा आणि तोच कालावधी सगळ्या कागदांवर लिहा. पुढच्या वेळी सरळ २४ वर चित्रण करा, शटर १७२.८ अंश किंवा १/५० ठेवा, नाहीतर आपल्या ५० हर्ट्झच्या विजेवर ट्यूबलाइट लुकलुकते.

चौकट: तुमचं चित्र १९२० × १०८० असणार. डीसीपीची ‘फ्लॅट’ चौकट १९९८ × १०८०. दोन्ही बाजूंना ३९ पिक्सेलच्या काळ्या पट्ट्या येऊ द्या, बिघडत नाही. ताणून बसवू नका. सड्यावरचं क्षितिज आणि माणसाचा चेहरा दोन्ही रुंद होतात.

डिस्क: कमाल २५० मेगाबिट प्रतिसेकंद धरलं तर पावणेचव्वेचाळीस मिनिटांना साधारण ८२ जीबी. १२८ जीबीची डिस्क पुरते. एफएटी-३२ मध्ये फॉरमॅट करू नका, ४ जीबीच्या वरची एकसंध फाइल त्यात मावत नाही. ईएक्सटी-३ उत्तम. आणि कूटबद्ध करू नका. फाइल उघडायच्या डिजिटल किल्लीची मुदत संपलेली निघाली की ऐन खेळाच्या वेळी पडदा काळा, आणि तेव्हा फोन उचलायला कोणी नसतं.

सड्यावरचा
कमाल माहिती. स्टिरिओ चालेल का? आणि पातळी यूट्यूबच्या हिशेबाने उणे १४ एलयूएफएसला (आवाज किती मोठा वाटतो त्याचं माप) ठेवली आहे.

ध्वनिवेडा
चालेल, पण चित्रपटगृहात निवेदन डाव्या-उजव्या स्पीकरमधून आलं की कडेला बसलेल्याला ते फक्त त्याच्या बाजूने ऐकू येतं. किमान निवेदन आणि मुलाखती मधल्या चॅनेलला द्या, वातावरण डाव्या-उजव्याला, पाऊस मागे. त्याला ५.१ (सराउंड) म्हणा नाहीतर काहीही म्हणा. उणे १४ ही पातळी चित्रपटगृहात कानठळ्या बसवेल. निवेदन उणे २७ च्या आसपास आणा, आणि छोट्या खोलीत नाही, भाड्याने तासभर एखादं प्रेक्षागृह घेऊन तपासा. पावसाचा आवाज मोठ्या पडद्याच्या खोलीत तळण्याच्या कढईसारखा होतो, ते घरी कळत नाही.

दुसरं, तयार ध्वनिसंग्रहातून उचललेले आवाज. थंडीतल्या माळाच्या दृश्यावर पावशा ‘पेरते व्हा’ ओरडतोय, डिसेंबरच्या पहाटेला कोकीळ कुहुकुहु करतोय. परदेशी संग्रहातला जलपक्षी भारतीय तळ्यावर रडतोय हेही ऐकलंय. ज्युरीत एक जरी पक्षी ओळखणारा असला तरी तिथून पुढे तो चित्रपटावर विश्वास ठेवत नाही. आवाज त्याच जागेचा, त्याच ऋतूतला, जमलं तर त्याच दिवशीचा. प्रत्येक ठिकाणी कॅमेरा बंद ठेवून दोन-तीन मिनिटं नुसता आवाज टिपलेला असेल तर आत्ता सोनं.

दप्तरखाना
आता प्राणी. नाग कसा आलाय चित्रपटात?

सड्यावरचा
सर्पमित्रांनी आंब्याच्या बागेतल्या विहिरीतून काढला आणि सड्याच्या कडेला सोडला. साधारण दीड मिनिटाचा प्रसंग.

दप्तरखाना
मग नीट वाचा. चित्रपटात प्राणी असला की सेन्सॉर मंडळ भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाचं ना-हरकत पत्र मागतं. त्यांचं मुख्यालय पूर्वी चेन्नईला होतं, आता हरियाणात बल्लभगढला. जुने पत्ते फिरत असतात, जपून. अर्जाबरोबर शॉटवार तक्ता जोडा: टाइमकोड, प्राण्याचं मराठी-इंग्रजी-शास्त्रीय नाव, ठिकाण, तारीख, अंतर, आणि ‘नैसर्गिक अवस्थेत टिपला’ की ‘हाताळला’. बेडूक, फुलपाखरं, टिटवी यांचं काम सोपं, कोणी हात लावलेला नाही. नागाच्या ओळीत ‘हाताळला’ लिहावं लागेल, तिथे लपवाछपवी करू नका. त्या दिवशी वनखात्याला कळवल्याची नोंद सर्पमित्रांकडे असेल, तिची प्रत लावा.

यामागचं कारण कायद्यात आहे. वन्यजीव संरक्षण कायद्यात ‘शिकार’ या शब्दाच्या व्याख्येत पकडणं, हाकणं, सापळा लावणं आणि आमिष दाखवणं हे सगळं येतं, नुसतं मारणं नाही. म्हणून कोंबडी बांधून बिबट्या टिपला तर ते कायद्याच्या भाषेत चित्रीकरण राहत नाही. तुमच्या प्रसंगात नाग विहिरीतून बाहेर काढणं आणि सोडणं ठेवा. मध्ये कोणी काठीने डिवचून फणा काढायला लावला असेल तर तो शॉट आजच काढा, प्रमाणपत्र मिळालं तरी ज्युरीपुढे तोच अंगाशी येईल.

आणि विडी. गावातले आजोबा मुलाखतीत विडी ओढत असतील तर पडद्यावर इशाऱ्याची पट्टी मागतील. ती पट्टी सगळ्या सुंदर चौकटीचा विचका करते. मुलाखतीचा तेवढा भाग झाकता आला तर झाका.

अनवट
जंगल परवानगीचं राहिलं. सडे बहुतांश खाजगी किंवा गावकीच्या जमिनी, त्यामुळे तुम्ही सुटलात. जमीनमालकाचं संमतीपत्र पुरे. पण धागा इतरही वाचतील म्हणून लिहितो. अभयारण्य असेल तर कलम २८ खाली मुख्य वन्यजीव रक्षकाची परवानगी, राष्ट्रीय उद्यानालाही तेच लागू. महाराष्ट्रात अर्ज नागपूरला जातो, व्याघ्र प्रकल्पात क्षेत्र संचालकांमार्फत. पूर्वी कलमात फक्त ‘छायाचित्रण’ असा शब्द होता. २०२२ च्या दुरुस्तीने ‘चित्रपटनिर्मिती’ आली, पण अटीसकट: अधिवासात कोणताही बदल न करता, अधिवासावर किंवा वन्यजीवांवर विपरीत परिणाम न होता. ही अट वाचून सोडून देऊ नका. पाणवठ्याकाठी लपण बांधायला चार फांद्या तोडल्या, हा बदलच झाला. पर्यटकांच्या जिप्सीतून व्यावसायिक चित्रण करून ‘तिकीट होतं ना’ म्हणणं हे तर सरळ उल्लंघन.

ड्रोनबद्दल: डिजिटल स्काय या सरकारी पोर्टलच्या नकाशावर हिरवा पट्टा दिसला की ४०० फुटांपर्यंतची हवाई अडचण मिटली, एवढाच त्याचा अर्थ. वनखातं, पुरातत्त्व, स्थानिक पोलीस यांची संमती त्यात येत नाही. २५० ग्रॅमपर्यंतचं नॅनो, त्यापुढे २ किलोपर्यंत मायक्रो. व्यावसायिक कामासाठी मायक्रो उडवायचं तर वैमानिक प्रमाणपत्र लागतं. कातळशिल्पांवर उडवलंय म्हणता, त्या जागांची स्थिती तपासा. कशेळी, बारसू, उक्षी, देवाचे गोठणे वगैरे जागा गोव्याच्या फणसाईमाळसकट २०२२ पासून युनेस्कोच्या संभाव्य यादीत आहेत, आणि तिथे आता लक्ष असतं.

टिटवी
सबटायटलविषयी मला लिहू द्या. मराठी निसर्गपट इंग्रजीत उतरताना जे हाल होतात ते बघवत नाहीत. बिबट्याचा चित्ता होतो, सड्याचं ‘रॉक’ होतं, देवराईचं नुसतं ‘फॉरेस्ट’.

तुमच्याकडे सीतेची आसवं नक्की असतील. निवेदक म्हणतो ‘सीतेची आसवं’, खाली फक्त ‘ब्लॅडरवर्ट’ लिहून आलं तर अर्धी गंमत गेली. फक्त ‘टिअर्स ऑफ सीता’ लिहिलं तर ही कीटकभक्षी वनस्पती आहे, मुळापाशी बारीक पिशव्यांत जीव ओढून घेते, हे कळायला मार्ग नाही. पहिल्या वेळी दोन्ही द्या, नंतर एकच. तसंच गेंद, दवबिंदू, कवला या सड्यावरच्या वनस्पतींचं. शास्त्रीय नाव सबटायटलमध्ये कोंबू नका, गरज असेल तर कोपऱ्यात वेगळी ओळखपट्टी.

एका वेळी दोन ओळी, ओळीत चाळीसच्या आसपास अक्षरं, सेकंदाला पंधरा-सोळा अक्षरांपेक्षा जास्त नको. मराठी निवेदन भरभर असेल तर भाषांतर कापावंच लागतं, आणि ते निवेदन लिहिणाऱ्यानेच कापावं, एजन्सीने नाही. पांढरी अक्षरं गेंदाच्या पांढऱ्या गालिच्यावर दिसणार नाहीत, बारीक काळी किनार द्या. ही चूक हमखास होते, कारण सबटायटल करणारा छोट्या पडद्यावर काळ्या पार्श्वभूमीत तपासतो.

सड्यावरचा
गेंदाच्या शॉटला अगदी हेच झालंय! काल रात्रीच बघितलं, तीन ओळी गायब.

रानभूल
ज्युरीबद्दल थोडं. फीचरला आधी प्रादेशिक ज्युरी आणि मग केंद्रीय अशी दोन पायऱ्यांची चाळणी असते. नॉन-फीचरला थेट एकच ज्युरी. ७० व्या वेळी अध्यक्ष नीला माधब पांडा होते, ७१ व्या वेळी पी. शेषाद्री. दोघेही कथाचित्रपटांतूनही आलेले. त्यांच्यापुढे दिवसभर एकामागून एक चित्रपट. तुमच्या पहिल्या चार मिनिटांत ड्रोनवरून सूर्योदय, मग टाइमलॅप्स ढग, मग ‘निसर्गाने मुक्तहस्ताने उधळण केलेलं कोकण’ असेल तर त्या दिवशीचा तो सहावा सूर्योदय असेल.

सड्याची खरी गोष्ट अशी की तो वर्षातले सात-आठ महिने ओसाड दिसतो, कागदोपत्री पडीक ठरतो, आणि म्हणून खाणीला किंवा प्रकल्पाला पटकन जातो. मेमधला करपलेला कातळ आणि ऑगस्टमधला तोच कातळ, त्याच जागेवर, त्याच भिंगाने. हे असेल तर सुरुवात तिथून करा.

पाणलोट
हे पटलं. आणि शोधपत्रकारितेच्या अंगाने गेलात तरी दार बंद नाही. विदर्भातल्या कापूस शेतकऱ्यांवरचा ‘कॉटन फॉर माय श्राउड’ पर्यावरण विभागात नाही, शोधपटाच्या विभागात राष्ट्रीय पुरस्कार घेऊन गेला. तेच दिग्दर्शक, नंदन सक्सेना आणि कविता बहल, पुढे ६२ व्या वेळी पर्यावरण विभागात आले, वर कमळपत्र यांनी लिहिलाच आहे तो चित्रपट. विषय एकाच जातीचा, विभाग दोन.

अनवट
एकाच पुरस्काराच्या मागे वर्ष घालवू नका. मिफ्फ, म्हणजे मुंबईचा माहितीपट-लघुपट महोत्सव, १९९० पासून दर दोन वर्षांनी. तिथला सुवर्ण शंख आपल्या क्षेत्रात राष्ट्रीय पुरस्काराइतकाच मानाचा, काही जण जास्तच म्हणतील. २००४ मध्ये तिथे भारतीय चित्रपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची सक्ती आणायचा प्रयत्न झाला, माहितीपटकार उभे राहिले, ‘विकल्प’ ही चळवळ त्यातून आली आणि सक्ती मागे घ्यावी लागली. २०२४ मध्ये मिफ्फचा व्ही. शांताराम जीवनगौरव नल्लामुथूंना मिळाला, १० लाख रुपयांचा. आयुष्यभर वाघांमागे फिरलेल्या कॅमेरामनला तो मिळणं हे या विषयाला मिळालेलं वजन आहे.

इफ्फीच्या (गोव्याच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या) इंडियन पॅनोरमा विभागात नॉन-फीचरसाठी २० पर्यंत जागा असतात, आणि पणजी तुमच्या सड्यापासून एका दिवसात गाठता येते. दिल्लीचा सीएमएस वातावरण महोत्सव २००२ पासून फक्त पर्यावरण आणि वन्यजीवपटांचा. पुण्याचा किर्लोस्कर वसुंधरा आहेच, तिथे मराठी प्रेक्षक भरभरून येतो. राष्ट्रीय विज्ञान चित्रपट महोत्सवाचे सुवर्ण, रौप्य, कांस्य ‘बीव्हर’ही होते; पण तो भरवणारी विज्ञान प्रसार ही संस्थाच बंद झाली, जुन्या संकेतस्थळावरच्या तारखांवर विसंबू नका.

सड्यावरचा
सगळ्यांचे आभार. ठरलं ते असं: २४ ची मास्टर प्रत, निवेदन मधल्या चॅनेलला, नागाचा प्रसंग दीड मिनिटाचा चाळीस सेकंद, सूर्योदय कापला (रानभूल, दोन होते!). शॉटवार तक्ता सुरू केलाय. एक अडलं: तक्त्यात एका बेडकाचं नाव आम्हाला खात्रीने देता येत नाही. दगडावरच्या डबक्यात रात्री टिपलाय. वंशापर्यंत (जीनस) लिहायचं की प्रजातीपर्यंत (स्पिशीज)?

टिटवी
खात्री नसेल तर तक्त्यात कुळ लिहा आणि पुढे ‘प्रजात निश्चित नाही’. निवेदनातही नाव घेऊ नका, ‘डबक्यातला छोटा बेडूक’ म्हणा. पाठीचा, पोटाचा आणि मागच्या पायाच्या बोटांमधल्या पडद्याचा फोटो असेल तर उभयचरांवर काम करणाऱ्यांना दाखवा, आवाज टिपला असेल तर तो आधी पाठवा. फोटोपेक्षा हाकेवरून लवकर लागतं.

ध्वनिवेडा
२५ चा मूळ आवाज पाठवा हां, २४ ला ताणलेला नको. ०.७ सेमिटोनने दुसराच बेडूक व्हायचा.